वैद्यकीच्या दारातली चाळणी

२० फेब्रुवारी २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या न्या. एल. नागेश्वर राव आणि न्या. दीपक गुप्ता यांच्या खंडपीठाने एक निकाल दिला. एका बाजूला केंद्र सरकार, दुसऱ्या बाजूला पंजाबातील विनाअनुदानित आयुर्वेद महाविद्यालयांचा महासंघ. प्रश्न वरवर पाहता अगदी कोरडा होता. बीएएमएस, म्हणजे आयुर्वेदाच्या पदवीला, प्रवेश घेण्यासाठी ‘नीट’ परीक्षेत किमान ५० पर्सेंटाइल मिळवणे बंधनकारक करता येते का?

या प्रश्नामागे मात्र शंभरांहून अधिक वर्षांचा वाद उभा आहे. वैद्य कोणाला म्हणायचे, त्याची पारख कोणी करायची, आणि ती दारात करायची की शिक्षण संपताना? आजचा थ्रेड त्या वादाचा.

आधी आकडे नीट समजून घेऊ, कारण या प्रकरणात सर्वांत जास्त गैरसमज तिथेच आहेत. ५० पर्सेंटाइल म्हणजे ५० टक्के गुण नव्हेत. परीक्षेला बसलेल्यांपैकी निम्मे विद्यार्थी तुमच्या मागे असतील, तर तुम्ही ५० पर्सेंटाइलवर असता. २०१९ च्या ‘नीट’ला १४ लाख १० हजार ७५५ विद्यार्थी बसले. खुल्या वर्गासाठी ५० पर्सेंटाइलची रेषा ७२० पैकी १३४ गुणांवर आली. अनुसूचित जाती, अनुसूचित जमाती आणि इतर मागासवर्ग यांच्यासाठी ४० पर्सेंटाइलची अट होती. ती रेषा १०७ गुणांवर होती. १८० प्रश्नांच्या त्या परीक्षेत बरोबर उत्तराला ४ गुण मिळत आणि चुकीच्या उत्तराला १ गुण वजा होई. म्हणजे एकही उत्तर न चुकवता केवळ ३४ प्रश्न सोडवले, तरी खुल्या वर्गाची रेषा ओलांडता येत होती. टक्केवारीत सांगायचे तर १९ टक्क्यांहूनही कमी.

महाविद्यालयांना एवढी अटही जाचक वाटत होती. का, ते पुढे पाहू. त्याआधी बरेच मागे जावे लागेल.

प्रवेशाची पात्रता ही आधुनिक कल्पना आहे असे अनेकांना वाटते. चरकसंहितेच्या विमानस्थानातील आठवा अध्याय वाचला की हा समज दूर होतो. तिथे परीक्षा एक नाही, तीन आहेत, आणि त्यांचा क्रम पाहण्यासारखा आहे. वैद्य होऊ इच्छिणाऱ्याने आधी शास्त्राची परीक्षा करायची. कोणता ग्रंथ अभ्यासायचा ते ठरवायचे. मग आचार्याची परीक्षा करायची. त्यानंतर कुठे आचार्य शिष्याची परीक्षा करतो. ती करताना तो शिष्याचा स्वभाव, स्मरणशक्ती, निर्लोभीपणा तर पाहतोच, पण जीभ, दात आणि नाकसुद्धा पाहतो. विद्यार्थ्याने संस्थेची पारख आधी करायची ही अपेक्षा आजच्या कुठल्याही प्रवेश नियमावलीत सापडणार नाही.

सुश्रुतसंहितेत शिष्याच्या उपनयनाचा अध्याय सूत्रस्थानात दुसराच आहे. त्या दाराशी वर्णाची चाळणी होती. पहिल्या तीन वर्णांना प्रवेश होता. कुलगुणसंपन्न शूद्राला मंत्राशिवाय शिकवावे, असे काहींचे मत म्हणून तिथे नोंदवले आहे. त्याच सूत्रस्थानाच्या दहाव्या अध्यायात शिक्षण पूर्ण झालेला वैद्य व्यवसायासाठी रस्त्यावर उतरतो, आणि उतरताना त्याला राजाची अनुज्ञा लागते. दुसऱ्या अध्यायात प्रवेश, दहाव्यात परवाना. मधल्या अध्यायांत शिक्षण आहे. नवव्या अध्यायात तर भोपळे, काकड्या आणि मृत जनावरांचे अवयव यांवर शस्त्रकर्माचा सराव करून घेतला आहे. दाराशी एक पारख आणि बाहेर पडताना दुसरी, ही रचना इतकी जुनी आहे. बदलत गेली ती पारख करणारी व्यक्ती: आधी गुरू, मग राजा, मग परिषद, आणि शेवटी संगणकाने तपासलेली उत्तरपत्रिका.

इंग्रजी अमलात १८३५ साली कलकत्त्याच्या संस्कृत कॉलेजातील आयुर्वेदाचा वर्ग बंद झाला आणि सरकारी आश्रय पाश्चात्त्य वैद्यकाकडे गेला, हे बहुतेकांना माहीत असते. प्रवेशाच्या वादाच्या दृष्टीने महत्त्वाची घटना मात्र १९१२ ची आहे. त्या वर्षी मुंबई इलाख्यात वैद्यकीय कायदा झाला आणि नोंदणीकृत डॉक्टरांची पहिली सरकारी यादी तयार होऊ लागली. मद्रासने १९१४ मध्ये तेच केले. यादीत नाव असणे म्हणजे सरकारमान्य असणे. या याद्यांत वैद्यांना आणि हकिमांना स्थान नव्हते. एवढेच नव्हे, नोंदणीकृत डॉक्टरांनी आयुर्वेदीय संस्थांशी संबंध ठेवला, तर परिषदा त्यांना जाब विचारू लागल्या. मुंबई आणि मद्रास या दोन्ही ठिकाणी असे प्रसंग घडले आणि त्यावरून मोठा गदारोळ झाला.

वैद्यांनी या काळात काय केले? त्यांनी स्वतःच परीक्षा घ्यायला सुरुवात केली. १९०७ साली नाशिक येथे वैद्य शंकर दाजीशास्त्री पदे यांच्या पुढाकाराने अखिल भारतीय आयुर्वेद संमेलनाची स्थापना झाली होती. त्यातूनच आयुर्वेद विद्यापीठ आकाराला आले. या विद्यापीठाला आजच्या अर्थाने परिसर, वसतिगृह, रुग्णालय असे काही असावे लागत नव्हते. मुख्य काम परीक्षा घेणे आणि पदव्या देणे. विद्यार्थी कुठल्याही वैद्याकडे शिकलेला असो, परीक्षेला बसून उत्तीर्ण झाला की विशारद, आचार्य. पुढे प्रयागच्या हिंदी साहित्य संमेलनानेही ‘वैद्य विशारद’ आणि ‘आयुर्वेद रत्न’ या परीक्षा सुरू केल्या. साहित्य संमेलनाने वैद्यकाच्या पदव्या द्याव्यात हे आज विचित्र वाटते. पण भाषा, शिक्षण आणि देशी वैद्यक ही त्या पिढीच्या मनात एकाच राष्ट्रकार्याची अंगे होती, हे ध्यानात घेतले तर आश्चर्य कमी होते.

या व्यवस्थेत दार सताड उघडे होते आणि चाळणी फक्त शेवटी होती. तिचा गुण असा की ज्याच्याजवळ पैसा नाही, जवळपास महाविद्यालय नाही, पण घरात किंवा गावात चांगला गुरू आहे, त्याला पदवी मिळू शकत होती. दोष तितकाच उघड आहे. रुग्णाच्या खाटेशी उमेदवार किती काळ उभा राहिला, हे लेखी परीक्षेतून कळत नाही.

महाविद्यालयांचा मार्ग धरणारेही होते. मद्रासमध्ये महंमद उस्मान समितीने १९२३ मध्ये अहवाल दिला आणि १९२५ साली सरकारी देशी वैद्यक विद्यालय सुरू झाले. त्याचे पहिले प्रमुख कॅप्टन जी. श्रीनिवासमूर्ती स्वतः पाश्चात्त्य वैद्यक शिकलेले होते. साताऱ्याला आर्यांग्ल वैद्यक महाविद्यालय उभे राहिले. ‘आर्य’ आणि ‘आंग्ल’ यांचा संधी करून घेतलेले हे नाव म्हणजे त्या काळच्या विचाराचा उत्तम नमुना आहे. पुण्यात १९३३ साली टिळक आयुर्वेद महाविद्यालय आणि मुंबईत वरळीला १९४१ साली पोदार महाविद्यालय निघाले. या दोहोंच्या मधल्या काळात, १९३८ साली, बाळासाहेब खेर यांच्या मंत्रिमंडळाच्या कारकिर्दीत मुंबई प्रांताने वैद्य आणि हकीम यांच्या नोंदणीचा कायदा केला. आरोग्यमंत्री होते डॉ. एम. डी. डी. गिल्डर, हृदयरोगाचे नामांकित डॉक्टर. १९१२ च्या यादीबाहेर ठेवलेल्यांना त्यांची स्वतंत्र यादी मिळाली ती अशी, एका पाश्चात्त्य वैद्यकातील तज्ज्ञाच्या कारकिर्दीत.

यादी आली की पात्रता आली, आणि पात्रता आली की भांडण आले.

स्वातंत्र्यानंतरचे भांडण ‘शुद्ध’ आणि ‘मिश्र’ या दोन शब्दांभोवती फिरले. मिश्र पक्षाचे म्हणणे असे की वैद्याला शरीररचना, शरीरक्रिया, रोगनिदान यांचे आधुनिक ज्ञान हवेच. म्हणून विद्यार्थी विज्ञान शिकून आलेला असावा. कर्नल रामनाथ चोप्रा यांच्या समितीचा १९४८ चा अहवाल याच समन्वयाच्या बाजूचा होता. शुद्ध पक्षाचे उत्तर असे की अशाने आयुर्वेद हा ॲलोपॅथीचा पुरवणी विषय होईल. ज्याला मूळ संहिता वाचता येत नाही तो वैद्य कसला? म्हणून विद्यार्थ्याला संस्कृत यायला हवे. भांडण अभ्यासक्रमाचे दिसत असले, तरी त्याचा निर्णय दाराशीच होत होता. भौतिकशास्त्र-रसायनशास्त्र शिकलेला मुलगा आत घ्यायचा की संस्कृत पाठशाळेतून आलेला, हे ठरले की पुढचे सगळे आपोआप ठरते.

मिश्र महाविद्यालयांत जे घडले ते शुद्धवाद्यांच्या भीतीला पुष्टी देणारे होते. विज्ञान शिकून आलेल्या विद्यार्थ्यांना वैद्यापेक्षा डॉक्टर व्हायचे होते, आणि त्यात त्यांचा दोषही नव्हता. पगार, प्रतिष्ठा आणि नोकरीच्या संधी त्याच दिशेला होत्या. एमबीबीएसच्या बरोबरीचा दर्जा मिळावा म्हणून ठिकठिकाणी संप झाले. मद्रासचे विद्यालय १९६० मध्ये संपले आणि त्याच्या जागी किलपॉक येथे आधुनिक वैद्यकीय महाविद्यालय आले. बनारस हिंदू विद्यापीठातही त्याच वर्षी आयुर्वेद महाविद्यालयाच्या पायावर आधुनिक वैद्यकशास्त्राचे महाविद्यालय उभे राहिले. त्याची धुरा डॉ. के. एन. उडुपा यांच्याकडे आली. हेच उडुपा आयुर्वेदाच्या स्थितीवरील सरकारी समितीचे अध्यक्षही होते. १९६३ साली मोहनलाल व्यास यांच्या अध्यक्षतेखालील समितीने शुद्ध आयुर्वेदाचा अभ्यासक्रम पुढे केला, पण तो सर्वत्र जसाच्या तसा टिकला नाही. भारतातील आयुर्वेद शिक्षण आजही या दोन टोकांच्या मध्ये कुठेतरी आहे, आणि त्याची ओढाताण अजून थांबलेली नाही.

या गोंधळावर संसदेने १९७० साली भारतीय वैद्यक केंद्रीय परिषद कायदा केला. परिषदेला शिक्षणाची किमान मानके ठरवण्याचा अधिकार मिळाला. कायद्याच्या दुसऱ्या अनुसूचीत मान्यताप्राप्त पदव्यांची यादी आली, आणि काही पदव्यांपुढे वर्षांची मर्यादा लिहिलेली होती. हिंदी साहित्य संमेलनाच्या वैद्य विशारद आणि आयुर्वेद रत्न या पदव्यांपुढे लिहिले होते: १९३१ ते १९६७.

त्या एका ओळीने किती खटले निर्माण केले याची कल्पना करणे कठीण आहे. १९६७ नंतरही संमेलनाच्या परीक्षा चालू होत्या आणि हजारो लोक त्या देत होते. दवाखान्याच्या भिंतीवर ते प्रमाणपत्र लावून आयुष्यभर रुग्ण तपासणाऱ्या माणसाला एके दिवशी सांगितले जाई की तुमची पदवी कायद्याच्या दृष्टीने अस्तित्वातच नाही. वेगवेगळ्या उच्च न्यायालयांतून हे वाद फिरत राहिले. २०१० साली राजस्थानातील वैद्यांच्या एका संघटनेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने शेवटचा शब्द दिला. संमेलन हे विद्यापीठ नाही, त्याला संलग्न महाविद्यालये नाहीत आणि १९६७ नंतरच्या त्याच्या पदव्यांना मान्यता नाही. त्यांच्या आधारे व्यवसायाचा हक्क मागता येणार नाही. दार उघडे आणि चाळणी शेवटी, या पद्धतीचा हा कायदेशीर शेवट होता. कायद्याच्या तर्काने निकाल बरोबरच आहे. पण नाशिकला १९०७ मध्ये सुरू झालेल्या स्वायत्त परीक्षांच्या परंपरेला त्याने पूर्णविराम दिला, हेही इतिहासाने नोंदवायला हवे.

आता दाराशी असलेली चाळणी. ती किती बारीक असावी याचा कायदेशीर वाद आधुनिक वैद्यकाच्या महाविद्यालयांत आधी झडला, आणि आयुर्वेदाचा खटला समजण्यासाठी त्यातले दोन निकाल पाहणे भाग आहे.

पहिला १९८१ चा, निवेदिता जैन प्रकरणातला. मध्य प्रदेश सरकारने अनुसूचित जाती-जमातींच्या उमेदवारांसाठी वैद्यकीय पूर्वपरीक्षेतील किमान गुणांची अट पूर्णपणे शिथिल केली होती. सर्वोच्च न्यायालयाने ते मान्य केले. त्यामागचा विचार असा होता: प्रवेश कसाही मिळो, प्रत्येकाला तोच अभ्यासक्रम शिकायचा आहे आणि त्याच अंतिम परीक्षेत उत्तीर्ण व्हायचे आहे. मग डॉक्टरचा दर्जा दाराशी नव्हे, बाहेर पडताना ठरतो.

दुसरा निकाल १९९९ चा, डॉ. प्रीती श्रीवास्तव प्रकरणातला, पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाचा. पदव्युत्तर प्रवेशासाठी उत्तर प्रदेशात खुल्या वर्गाला ४५ टक्के आणि राखीव वर्गाला २० टक्के अशी किमान गुणांची अट होती. बहुमताचा निवाडा न्या. सुजाता मनोहर यांनी लिहिला. मुंबई उच्च न्यायालयाच्या त्या पहिल्या महिला न्यायमूर्ती. त्यांनी १९८१ चा तर्क स्वीकारला नाही. वर्गात कोण बसले आहे यावरच शिक्षणाची पातळी ठरते. दोन गटांत एवढे अंतर ठेवले तर शिकवण्याची पातळीच खाली येते, आणि अंतिम परीक्षा ती भरून काढू शकत नाही, असा त्यांचा विचार. आणखी एक मुद्दा त्यांनी निर्णायक केला. उच्च शिक्षणाच्या मानकांचा समन्वय हा राज्यघटनेच्या सातव्या अनुसूचीतील संघसूचीच्या ६६ व्या नोंदीचा विषय आहे. शिक्षण समवर्ती सूचीच्या २५ व्या नोंदीत असले, तरी राज्ये केंद्राने ठरवलेल्या किमान मानकाच्या खाली जाऊ शकत नाहीत.

या दोन निकालांपैकी कोणता अधिक न्याय्य, यावर अभ्यासकांत एकमत नाही आणि होणेही नाही. पहिल्यात विद्यार्थ्याच्या वाढीवर विश्वास आहे. दुसऱ्यात रुग्णाची काळजी आहे. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. कायद्याच्या दृष्टीने मात्र १९९९ नंतर दाराशी असलेली चाळणी महत्त्वाची ठरली, आणि तिचा मालक केंद्र झाला.

२०१६ साली एमबीबीएससाठी ‘नीट’ पक्की झाली. त्या उन्हाळ्यात महाराष्ट्रातील विद्यार्थ्यांची जी तारांबळ उडाली, ती अनेकांना आठवत असेल. सीईटीचा अभ्यास झाला होता आणि ऐनवेळी ‘नीट’ द्यावी लागेल असे कळले. अखेर मे महिन्यात केंद्राने अध्यादेश काढून राज्यांना त्या वर्षापुरती सूट दिली. आयुर्वेद या सगळ्यापासून काही काळ बाजूला राहिला. मग ७ डिसेंबर २०१८ रोजी परिषदेच्या विनियमांत दुरुस्ती झाली. आता बीएएमएस, बीयूएमएस आणि बीएसएमएस, म्हणजे आयुर्वेद, युनानी आणि सिद्ध, यांनाही ‘नीट’ आणि तिच्यातील किमान पर्सेंटाइल आवश्यक ठरले. होमिओपॅथीसाठीही असाच नियम आला.

२०१९-२० च्या प्रवेशांत खासगी महाविद्यालयांतील जागा रिकाम्या राहू लागल्या आणि प्रकरण पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयात गेले. तिथे महाविद्यालयांना दिलासा मिळाला. अंतरिम आदेशांच्या आधाराने किमान पर्सेंटाइल नसलेल्या विद्यार्थ्यांचेही प्रवेश झाले. केंद्र सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले.

महाविद्यालयांचे म्हणणे दोन पायांवर उभे होते. पहिला पाय अधिकाराचा: १९७० च्या कायद्याने परिषदेला शिक्षणाची मानके ठरवण्याचा अधिकार दिला आहे, प्रवेश परीक्षा आणि तिचे किमान गुण ठरवण्याचा नाही. दुसरा पाय व्यवहाराचा: पात्र विद्यार्थी मिळत नाहीत, जागा वाया जातात, आणि आयुर्वेदाला एमबीबीएसचीच फूटपट्टी लावणे योग्य नाही.

खंडपीठाने दोन्ही फेटाळले. कायद्यातील विनियम करण्याचा अधिकार प्रवेशाच्या पात्रतेपर्यंत पोहोचतो, असे त्यांनी म्हटले. दुसऱ्या मुद्द्यावर न्यायालयाची भूमिका अधिक ठाम होती: आयुर्वेद, युनानी, होमिओपॅथी यांचे पदवीधरही रुग्णांवर उपचार करतात, किमान मानक नसेल तर अर्धवट तयारीचे डॉक्टर बाहेर पडतील, आणि पात्र उमेदवार न मिळणे हे मानक खाली आणण्याचे कारण होऊ शकत नाही.

व्यवहाराच्या मुद्द्यात खरी गफलत कुठे होती, हे आकड्यांकडे पुन्हा वळले की दिसते. २०१९ मध्ये ‘नीट’ची रेषा ओलांडणारे विद्यार्थी होते ७ लाख ९७ हजार ४२. एमबीबीएसच्या देशभरातील जागा तेव्हा लाखाच्याही आत होत्या. म्हणजे पात्र विद्यार्थ्यांचा दुष्काळ नव्हताच. सहा लाखांहून अधिक पात्र मुले एमबीबीएसच्या बाहेर उरत होती. दुष्काळ होता तो इच्छुकांचा. एवढ्या मुलांना त्या महाविद्यालयांत यावेसे का वाटले नाही, शुल्क किती, रुग्णालयात रुग्ण येतात का, पदवीनंतर काय, हे प्रश्न चाळणीची भोके मोठी करून सुटणारे नव्हते. चरकाच्या क्रमात सांगायचे तर विद्यार्थी आचार्याची परीक्षा करून मागे फिरत होते.

तरीही निकालाचा सर्वांत माणुसकीचा भाग शेवटी आहे. जे विद्यार्थी अंतरिम आदेशांवर विसंबून आत आले होते, त्यांचे काय? न्यायालयाने सांगितले की १५ ऑक्टोबर २०१९ या अंतिम तारखेपूर्वी ज्यांचे पदवी प्रवेश झाले आहेत त्यांना शिकू द्यावे. पदव्युत्तर अभ्यासक्रमांसाठी तारीख ३१ ऑक्टोबर धरली. ही सवलत एकदाच, आणि पुढे दाखला म्हणून तिचा वापर करता येणार नाही. भारतीय न्यायालयांत प्रवेशाच्या प्रकरणांचा शेवट अनेकदा असा होतो. नियम टिकतो, आणि नियमाबाहेर आत आलेली मुलेही टिकतात. टीकाकार म्हणतात की यामुळेच दरवर्षी अंतरिम आदेशांसाठी धाव घेतली जाते. त्यात तथ्य आहे. पण काही महिने वर्गात बसलेल्या एकोणीस वर्षांच्या मुलाला घरी पाठवून नियमाची प्रतिष्ठा वाढली असती का, याचेही उत्तर सोपे नाही.

वर्षभरातच चित्राची दुसरी बाजू समोर आली. फेब्रुवारी २०२१ मध्ये, हर्षित अगरवाल प्रकरणात, न्या. नागेश्वर राव यांच्याच खंडपीठासमोर दंतवैद्यकाच्या सुमारे सात हजार रिकाम्या जागांचा प्रश्न आला. या वेळी न्यायालयाने पर्सेंटाइल १० ने खाली आणायला सांगितले. विसंगती वाटते, पण धागा वेगळा होता. दंतवैद्यकाच्या नियमांत पुरेसे उमेदवार न मिळाल्यास किमान गुण कमी करण्याचा अधिकार केंद्राला दिलेला होता, दंत परिषदेने तशी शिफारसही केली होती; ती नाकारण्याची केंद्राची कारणे न्यायालयाला पटली नाहीत. आयुर्वेदाच्या खटल्यात मात्र नियमच मोडीत काढा अशी मागणी होती. एकाच न्यायमूर्तींचे दोन निकाल शेजारी ठेवून वाचले, की मानक आणि सवलत यांतील कायदेशीर फरक कुठल्याही पाठ्यपुस्तकापेक्षा चांगला समजतो.

दरम्यान सप्टेंबर २०२० मध्ये संसदेने भारतीय वैद्यक पद्धतींसाठी राष्ट्रीय आयोगाचा कायदा केला आणि ११ जून २०२१ पासून जुन्या परिषदेच्या जागी आयोग आला. विनियमांतून आलेली ‘नीट’ आता खुद्द कायद्याच्या १४ व्या कलमात जाऊन बसली. शेजारच्याच १५ व्या कलमात राष्ट्रीय निर्गम परीक्षेची तरतूद आहे: पदवीच्या शेवटी, व्यवसायाचा परवाना मिळण्यापूर्वी द्यायची परीक्षा. १९८१ आणि १९९९ या दोन्ही निकालांचे म्हणणे एकाच कायद्यात शेजारी शेजारी आले. सुश्रुताचा दुसरा अध्याय आणि दहावा अध्याय यांमधले अंतर एका कलमाचे झाले.

शुद्ध आणि मिश्र यांच्या भांडणाचे काय झाले? ते कोणत्याही न्यायालयासमोर थेट कधी आलेच नाही, आणि तरी त्याचा निकाल लागला. ‘नीट’मध्ये ३६० गुण जीवशास्त्राचे, १८० भौतिकशास्त्राचे आणि १८० रसायनशास्त्राचे. २०१९ मध्ये ही परीक्षा मराठीसह ११ भाषांत देता येत होती. संस्कृत त्यांत नव्हती, परीक्षेची भाषा म्हणूनही नाही आणि विषय म्हणूनही नाही. बीएएमएसच्या पहिल्या वर्षात प्रवेश घेतलेला विद्यार्थी वर्गात बसतो तेव्हा त्याच्या हातात अष्टांगहृदयाचे सूत्रस्थान येते, आणि त्यासोबत संस्कृतचे पुस्तक, कारण ती भाषा त्याला तिथून पुढे शिकायची असते.